रडणं दाखवतात, हिशोब दाखवत नाहीत

के-पॉपची, म्हंजे कोरियन पॉप म्युझिकची, कुठलीही डॉक्युमेंट्री लावा, पहिल्या वीस मिनिटांत आरशांची प्रॅक्टिस रूम येणार, रात्रीचे दोन वाजलेले असणार, कोणाच्या तरी गुडघ्यावर बर्फाची पिशवी असणार, व्हॅनमध्ये कोणीतरी मान टाकून झोपलेलं असणार, मग लहानपणीचे फोटो, मग स्टेजवर जायच्या आधी सगळ्यांनी गोल करून हातावर हात ठेवून ओरडायचं. मला आता सगळं पाठ झालंय. तरी नवीन आली की मी पहिल्याच दिवशी बघते, त्यामुळे खालचं कोणी बाहेरच्याने नाकं मुरडत लिहिलंय असं समजू नका, मी 2017 पासूनची आर्मी (बीटीएसची फॅन) आहे आणि माझ्या कपाटात लाइटस्टिक (कॉन्सर्टला हलवायचा दिवा) आहे. पण एवढ्या सगळ्या बघून झाल्यावर मला आता आधी एकच गोष्ट बघावीशी वाटते, कॅमेऱ्याचे पैसे कोणी दिलेत. काय दिसणार आणि काय नाही हे तिथेच ठरलेलं असतं.

बीटीएसपासूनच, म्हंजे माझ्या सात पोरांच्या ग्रुपपासूनच, सुरू करते, म्हंजे कोणी म्हणायला नको की स्वतःच्या लोकांना सोडून बाकीच्यांना धुतलं. 'बर्न द स्टेज' आधी मार्च 2018 ला यूट्यूबवर आठ भागांत आली आणि मग त्याच नोव्हेंबरला थेटरात पिक्चर म्हणून. 2017 ची विंग्स टूर, 19 शहरं, 40 शो. सिरीजमध्ये चिलीचा भाग आहे, सँटियागोला ग्रुपमधला जंगकुक बॅकस्टेजला अक्षरशः कोसळतो, एकोणीस वर्षांचा पोरगा, श्वास घेता येत नाहीये, आजूबाजूला माणसं धावपळ करतायत आणि कॅमेरा काही हलत नाही, तिथेच. आणि दुसरा एक प्रसंग, शोच्या आधी ग्रुपमधल्याच जिन आणि व्ही यांचं स्टेजवरच्या कशावरून तरी वाजतं, आवाज चढतात, लीडर आरएम मध्ये पडतो, व्ही डोळे पुसत बसतो. पहिल्यांदा बघितलं तेव्हा मी पण रडले होते, यांनी आपल्यापासून काहीच लपवलं नाही बघ, असं वाटलं होतं.

आणि मग डिसेंबर 2018, हाँगकाँगला मामा हे म्युझिक अवॉर्ड्स चालू आहेत, जिन माइकवर येतो आणि रडत रडत सांगतो की या वर्षाच्या सुरुवातीला आम्ही ग्रुप मोडायचा का यावर बोलत होतो. पिक्चर थेटरात लागून महिना पण धड झाला नव्हता. आता शूटिंग 2017 चं होतं, तेव्हा ते सगळं झालंच नसेल हे मान्य, पण नोव्हेंबरमध्ये रिलीज करताना एडिटला बसलेल्यांना काहीच माहीत नसेल असं मला तरी वाटत नाही. म्हंजे बघा, भांडण दाखवलं ते स्टेजवरच्या गोष्टीचं, जे त्याच भागात मिटतं. राहायचं की नाही, हे भांडण नाही दाखवलं. ते जिनला स्वतः स्टेजवर सांगावं लागलं.

'ब्रिंग द सोल' (ऑगस्ट 2019) तर मला त्यातल्या त्यात जास्त आवडते, पॅरिसच्या गच्चीवर बसून सगळे खातायत-पितायत, गप्पा मारतायत, युरोपची टूर संपलीये. त्यात लंडनला जंगकुकच्या टाचेला लागलंय म्हणून त्याला अख्खा शो खुर्चीवर बसून गावं लागतं, तो रडतो. पण इथेही तेच, दुखापत म्हणजे समर्पण. त्याला जरा जास्त सुट्टी दिली असती तर, हा प्रश्न पिक्चर विचारतच नाही. दमणं हेच प्रेमाचं सर्टिफिकेट आणि ते बघून आपण आणखी तिकिटं काढतो.

खरं बोलणं कुठे झालं माहितीये? जून 2022 मध्ये, नवव्या वर्षाच्या फेस्टाचं (ग्रुपच्या वाढदिवसाचं) जेवण. डॉक्युमेंट्री नव्हतीच ती, यूट्यूबवर टाकलेला तासाभराचा व्हिडिओ, सातजण टेबलाभोवती बसून जेवतायत. आरएम सांगतो की या आयडॉल (कंपनीने घडवलेले पॉप स्टार) सिस्टीममध्ये माणसाला मोठं व्हायला, पिकायला वेळच मिळत नाही, सतत काहीतरी बनवत राहायचं, आणि आपण कोण, काय सांगायचंय तेच आता कळेनासं झालंय. दुसऱ्या दिवशी त्यांच्या कंपनीचा, हाइबचा, शेअर जवळजवळ 25 टक्क्यांनी आपटला. एका जेवणावरून! लगेच कंपनीने सांगितलं की ग्रुप थांबत नाहीये, सोलोपण करणार आणि ग्रुपपण. आता मला सांगा, ज्या कंपनीचा शेअर एका खऱ्या वाक्यावर पाव हिश्श्याने पडतो ती कंपनी स्वतःच्या खर्चाने काढलेल्या पिक्चरमध्ये किती खरं ठेवेल? मी त्यांना दोष पण देत नाहीये, त्यांचा तो धंदा आहे. पण मग त्याला 'रिअल लाइफ' म्हणू नका ना.

ब्लॅकपिंक या चार मुलींच्या ग्रुपची 'लाइट अप द स्काय' मी आईबरोबर बघितली. आई बँकेतून रिटायर झालीये, तिला के-पॉपमधलं ओ की ठो कळत नाही, ती आपली शेंगा सोलत बसली होती. ही नेटफ्लिक्सवर ऑक्टोबर 2020 ला आली, 79 मिनिटांची, कॅरोलिन सू नावाच्या बाईंनी केलीये ज्यांची आधी नेटफ्लिक्सवरच खाण्यावरची फार सुंदर सिरीज होती, त्यामुळे दिसायला मस्तच आहे. सुरुवात 2016 च्या डेब्यूच्या (पहिल्यांदा लोकांसमोर येण्याच्या) प्रेस शोपासून, चौघी घाबरलेल्या. मग एकेकीची गोष्ट, जेनी न्यूझीलंडला शिकलेली, रोझे ऑस्ट्रेलियातून आलेली, लिसा थायलंडची, जिसू कोरियातलीच. ट्रेनी म्हणून, म्हंजे डेब्यूआधी कंपनीत शिकण्यात, जेनी सहा वर्षं, जिसू आणि लिसा पाच, रोझे चार वर्षं. दारू नाही, सिगरेट नाही, टॅटू नाही, दर महिन्याला परीक्षा आणि परीक्षेनंतर कोण घरी जाणार ते कळणार. दोन आठवड्यांतून एक दिवस सुट्टी. लिसा सांगते की एकटी होते, भाषा येत नव्हती.

आई शेंगा सोलता सोलता म्हणाली, "अगं पण या पोरींना त्या सहा वर्षांचा पगार काय मिळत होता?"

मी म्हटलं, "पगार नसतो गं आई, ट्रेनी असतात त्या."

"मग राहणं-खाणं, शिकवणीचे पैसे?"

"कंपनी करते, मग नंतर कमाईतून वळते करून घेते बऱ्याच ठिकाणी."

"म्हंजे कर्जच की," आई म्हणाली, "व्याज किती?"

मला उत्तर देता आलं नाही आणि पिक्चरमध्ये पण ते कुठेच नाहीये. 79 मिनिटांत चौघींचे डोळे किती वेळा भरून येतात, पण कॉन्ट्रॅक्टचा एक कागद दिसत नाही. कोणाला किती टक्के, डेब्यूनंतर किती महिन्यांनी पहिला पैसा हातात आला, काही नाही. आईने जे विचारलं ना, ते मी इतकी वर्षं फॅन असून कधी विचारलं नव्हतं, मला तर जिसूचा मेकअप करणाऱ्या दीदी आवडल्या होत्या.

आणि हे कॉन्ट्रॅक्टचं प्रकरण काही बारकं नाहीये. डीबीएसके (टीव्हीएक्सक्यू म्हणा) या मुलांच्या ग्रुपमधल्या पाचपैकी तिघांनी जुलै 2009 मध्ये आपल्या कंपनीवर, एसएमवर, केस टाकली, कॉन्ट्रॅक्ट होतं तेरा वर्षांचं. विचार करा, सतरा-अठराव्या वर्षी सही करायची आणि सुटायचं तिशीत, मधे सक्तीची मिलिटरी वेगळीच. त्याच वर्षी कोरियाच्या फेअर ट्रेड कमिशनने नमुना कॉन्ट्रॅक्ट काढलं आणि सात वर्षांची मर्यादा घातली. म्हणून तर सातवं वर्ष आलं की सगळ्या फॅनडमच्या पोटात गोळा येतो, सगळे म्हणतात 'सेव्हन इयर कर्स', अरे शाप कसला, कागद संपतो. ब्लॅकपिंकचं 2023 ला तेच झालं, ग्रुपसाठी आपल्या वायजी कंपनीबरोबर राहिल्या, सोलोसाठी चौघी चार दिशांना, जेनी, लिसा आणि जिसूने तर स्वतःच्या कंपन्या काढल्या. त्यावर कोणी पिक्चर काढेल तर मी पहिल्या शोला जाईन, पण काढणार कोण.

आता खरी गोष्ट. ज्यांनी बघितली नाहीये त्यांनी '9 म्यूझेस ऑफ स्टार एम्पायर' बघा. 2012 ची आहे. ली हाक-जून नावाचा माणूस, चोसुन इल्बो पेपरचा पत्रकार, तो नाइन म्यूझेस या नव्या मुलींच्या ग्रुपच्या मागे जवळपास वर्षभर कॅमेरा घेऊन फिरला. ग्रुप 2010 च्या ऑगस्टमध्ये आला, मॉडेलसारख्या उंच नऊ मुली ही आयडिया, पहिलं गाणं 'नो प्लेबॉय', आणि ते चाललं नाही. बास, तिथेच ही बाकीच्या सगळ्यांपासून वेगळी पडते. बाकी सगळ्या डॉक्युमेंटऱ्या जिंकलेल्यांच्या असतात, शेवट आपल्याला माहीत असतो, कष्ट बघताना मनात कुठेतरी असतंच की होणार आहे सगळं छान, स्टेडियम भरणार आहे. इथे तसं काही नाही. मुली नाचतात, चुका होतात, मॅनेजर लोक त्यांना खोलीत उभं करून झापतात, परत करा, परत करा. सेरा नावाची मुलगी मागाहून ग्रुपमध्ये येते आणि तिलाच लीडर करतात, म्हंजे ज्या मुली आधीपासून तिथे आहेत त्यांना नवीन आलेलीने सांभाळायचं आणि मॅनेजरने बोललेलं पण तिनेच खायचं. तिचा चेहरा बघा त्या पिक्चरमध्ये. ती हसते तेव्हा जास्त त्रास होतो.

आणि सगळ्यात मोठं म्हंजे मॅनेजर दिसतात! बाकी डॉक्युमेंटऱ्यांत कंपनी ही देवासारखी असते, सगळीकडे आहे पण दिसत नाही. इथे ती माणसं आहेत, घाबरलेली, दमलेली, आपलं टार्गेट पुरं होत नाहीये म्हणून पोरींवर ओरडणारी. मला त्यांचा राग आला आणि थोड्या वेळाने कीव पण आली कारण त्यांच्यावरही कोणीतरी ओरडत असणार हे दिसतं. मुली सोडून जातात, नवीन येतात, नावात नऊ आहेत म्हणून काही खऱ्या नऊ राहत नाहीत. पुढे हा ग्रुप बऱ्यापैकी चालला पण, मेंबर बदलत बदलत, आणि 2019 च्या फेब्रुवारीत बंद झाला. आजकाल कुठली कंपनी बाहेरच्या पत्रकाराला असं आत घेईल? शून्य चान्स. आता प्रत्येकाची स्वतःची कॅमेरा टीम आहे, बिहाइंड द सीन रोज येतं, इतकं येतं की आपल्याला वाटतं सगळंच दिसतंय.

सल्लीची लिहू की नको असं चाललं होतं. 'पर्सोना: सल्ली' नावाने नेटफ्लिक्सवर नोव्हेंबर 2023 ला आलं, त्यात एक शॉर्ट फिल्म आणि एक 'डिअर जिनरी' नावाची डॉक्युमेंट्री. एफएक्स ग्रुपची सल्ली, खरं नाव चोई जिन-री, लहानपणी सिरीयलमध्ये काम, 2009 ला ग्रुप, 2015 ला बाहेर, आणि 14 ऑक्टोबर 2019 ला गेली, पंचवीस वर्षांची होती. ती जायच्या काही काळ आधी घेतलेला इंटरव्ह्यू आहे हा. एक बाई, एक कॅमेरा, प्रश्न. ना प्रॅक्टिस रूम, ना बर्फाची पिशवी. प्रश्न विचारला की ती गप्प बसते. किती वेळ गप्प बसते! दिग्दर्शक जंग यून-सुकने त्या गप्प बसण्याला कात्री लावलेली नाही, एखाद्या टीव्हीवाल्याने लगेच म्युझिक टाकलं असतं. ती सांगते की तिला सुरुवातीपासून बजावलं जायचं की तू प्रॉडक्ट आहेस, लोकांपुढे एकदम अव्वल माल म्हणून उभं राहायचं. हे ती ओरडून नाही सांगत, हवापाण्याबद्दल बोलावं तसं सांगते.

बघून झाल्यावर मात्र मला स्वतःचीच लाज वाटली थोडी. ती असती तर तिने हे बाहेर येऊ दिलं असतं का? माहीत नाही. शेवटचा इंटरव्ह्यू म्हणून त्याची जाहिरात झाली, लोकांनी बघितलं, मी बघितलं. जिवंतपणी ती ब्रा घालत नाही म्हणून तिला शिव्या घालणारे आणि गेल्यावर पोस्टवर हार्ट टाकणारे, यातले बरेच लोक तेच असणार. यावर माझं काही ठरत नाही, सोडते.

दोन पिक्चर असे आहेत की ज्यात आयडॉल जवळपास नाहीच, तरी मला वाटतं त्यांच्या जगाबद्दल सगळ्यात जास्त तेच सांगतात. एक बीबीसीची मे 2024 ची बर्निंग सन प्रकरणावरची (बर्निंग सन हा सोलचा नाइटक्लब), यूट्यूबवर फुकट आहे. त्यात दोन महिला पत्रकार आहेत ज्यांनी ते चॅट ग्रुपचं घाणेरडं प्रकरण बाहेर काढलं (पुरुष स्टार मुलींचे चोरून काढलेले व्हिडिओ एकमेकांना पाठवायचे), आणि त्यात कळतं की कारा ग्रुपची गू हारा, ती पण 2019 च्या नोव्हेंबरमध्ये गेली, तिने गुपचूप पत्रकाराला मदत केली होती, पोलिसातला कोण माणूस या स्टार लोकांना सामील आहे ते तिने आपल्या ओळखीतल्या एकाला बोलतं करून काढलं. तिच्याबद्दल आपण काय काय वाचत होतो तेव्हा आणि ती काय करत होती.

दुसरी 'फॅनॅटिक', ओ से-योन नावाच्या अगदी तरुण मुलीची, 2021 ला बुसान फेस्टिवलला आली. ही मुलगी शाळेत असताना गायक जंग जून-यंगची कट्टर फॅन, त्याच्या लक्षात राहावं म्हणून फॅन साइनला (सह्या घ्यायच्या कार्यक्रमाला) हानबोक (पारंपरिक कोरियन पोशाख) घालून जायची आणि त्यावरून टीव्हीवर पण आलेली. तोच माणूस 2019 मध्ये त्या चॅट ग्रुप प्रकरणात दोषी ठरला, जेलमध्ये गेला. मग ही कॅमेरा घेऊन निघते, आपल्यासारख्याच दुसऱ्या मुलींना भेटायला, ज्यांचे आवडते असेच निघाले. बायका बोलतात काय एकेक, हसतात, शिव्या घालतात, रडतात. एक प्रसंग आहे, ती आणि मैत्रीण मिळून सगळ्या मर्चचं अंत्यसंस्कार करायचं ठरवतात, सीडी, पोस्टर, फोटो सगळं काढून बसतात आणि मग एकेक वस्तू हातात घेऊन अगं ही कशी मिळाली होती आठवतंय का... टाकवत नाही काही! मी हसून हसून लोळले आणि माझ्या फोटोकार्डच्या फाइलकडे बघायची हिंमत झाली नाही.

पण त्यातलं खरं धाडस पुढे आहे. 2016 ला ज्या पत्रकार बाईने या माणसाची पहिली बातमी दिली होती तिच्यावर सगळे फॅन तुटून पडले होते, ही मुलगी जाऊन त्या बाईंना भेटते आणि माफी मागते. समोरासमोर बसून. बाकीच्या पिक्चरमध्ये फॅन म्हंजे काळोखात हलणारे दिवे, वरून ड्रोनने घेतलेले, सुंदर, एकसारखे. इथे फॅनला तोंड आहे आणि त्या तोंडाने काय काय लिहिलं होतं ते पण आहे. ती तर तुरुंगात गेलेल्या माजी राष्ट्राध्यक्षांच्या समर्थकांच्या मोर्चात पण जाऊन उभी राहते, बघायला की हे लोक अजून कसे काय प्रेम करतायत. आपल्याकडे असं काही करायला गेलं कोणी तर काय होईल ते मी बोलत नाही, सगळे समजदार आहात.

गेल्या दोनेक वर्षांत आपल्याकडचे चेहरे पण दिसायला लागलेत म्हणून आपल्या लोकांना जास्त इंटरेस्ट आलाय. ॲपल टीव्हीच्या 'के-पॉप आयडॉल्स' (ऑगस्ट 2024) मध्ये ब्लॅकस्वान हा मुलींचा ग्रुप आहे, त्यातली श्रेया लेंका ओडिशाची, ओडिसी शिकलेली. त्या ग्रुपमधले खटके बऱ्यापैकी उघडे दाखवलेत, कोरियन नसलेल्या मुली, कोरियात, कोरियन बोलत एकमेकींशी भांडतायत, ते बघायला विचित्र वाटतं पण खरं वाटतं. नेटफ्लिक्सची 'पॉप स्टार ॲकॅडमी' पण त्याच महिन्यातली, कॅटसआय हा मुलींचा ग्रुप कसा बनला त्याची, त्यात लारा आहे, तमिळ घरातली अमेरिकेत वाढलेली. वीस मुली होत्या, सहा निवडल्या. आपला ट्रेनिंग प्रोग्राम आता लोकांच्या मतांवर चालणारी स्पर्धा होणार आहे हे मुलींना मागाहून कळतं आणि त्यांचे चेहरे पडतात, ते त्यांनी ठेवलंय. हाइबचीच पार्टनरशिप असून ठेवलंय, त्याचं मला खरंच आश्चर्य वाटलं.

बीटीएसमधल्या एकेकाच्या सोलोवाल्या पटकन सांगते. शुगाची 'रोड टू डी-डे' बघा, त्यात तो टोकियोला जपानी संगीतकार र्‍यूइची साकामोतोंना भेटतो, पिक्चर एप्रिल 2023 ला आला आणि साकामोतो मार्चअखेर गेले होते, त्यामुळे तो भाग बघताना गळा दाटतो. आरएमची 'राइट पीपल, राँग प्लेस' मिलिटरीला जायच्या आधीच्या काळातली आहे, बुसानला दाखवली होती, तीत कंपनीपेक्षा त्याचे मित्र जास्त दिसतात आणि तो चिडचिडा, गोंधळलेला दिसतो, म्हणून आवडली. जंगकुकची ठीक. जे-होपची ठीकपेक्षा बरी.

आणि मला हवी असलेली डॉक्युमेंट्री अजून मला सापडलेली नाही. जेनी-लिसा त्या महिन्याच्या परीक्षेबद्दल सांगतात ना, की निकाल लागला की कोणीतरी बॅग भरायची, तर त्या बॅग भरून गेलेल्या मुली कुठे आहेत? चार-पाच वर्षं रोज बारा-चौदा तास नाचून, शाळा अर्धवट टाकून, डेब्यू न होता घरी परत गेलेल्या. डेब्यू होणारे दिसतात, बाकीचे कोणाला दिसत नाहीत. त्या आता पंचवीस-तिशीच्या असतील, कोणी डान्स क्लास घेत असेल, कोणी ऑफिसात असेल, जुन्या मैत्रिणीचं गाणं मॉलमध्ये लागल्यावर काय करत असतील. आईला हे सांगितलं तर ती म्हणाली त्यांनी खर्च परत केला का ते पण विचार. तर दोन्ही गोष्टी विचारणारी एखादी कोणाला माहीत असेल तर खाली लिंक टाका, इंग्लिश सबटायटल नसली तरी चालेल, मी ऑटो ट्रान्सलेटवर भागवेन.